फिट, नॉट फिट आणि होल्ड

हिंदी सिनेमात कोर्टाचा सीन असला की कोर्टाबाहेर एक चहावाला असतोच. नायिका रडत पायऱ्या उतरते, तिच्यामागे हा गाळणीतून चहा ओततो आणि त्याचा सिनेमा संपतो. दीड सेकंद. आपल्याला वाटतं, हा तिथलाच असणार, चुकून कॅमेऱ्यात आला असणार. आपल्याला असं वाटावं म्हणूनच एका माणसाला पगार मिळतो. त्या माणसानं या दीड सेकंदासाठी तीसेक चहावाले बघितलेले असतात. एक फार गोरा होता. एकाच्या भुवया कोरलेल्या होत्या. एकाला अभिनय उत्तम येत होता, पण चहा ओतता येत नव्हता. आणि एकानं गंभीरपणे विचारलं होतं, "सर, हा चहावाला आतून कसा आहे?"

या निवडणाऱ्याला कास्टिंग डायरेक्टर म्हणतात. नावात डायरेक्टर आहे, पण सेटवर त्याला खुर्ची नसते, कारण शूटिंग सुरू होईपर्यंत त्याचं काम आटोपलेलं असतं. नटानं काम झकास केलं की प्रेक्षक म्हणतात, भूमिका याच्यासाठीच लिहिली होती हो. श्रेय गेलं लेखकाला. नट पडला की तेच प्रेक्षक विचारतात, याला घेतला कुणी? हा ‘कुणी’ म्हणजे कास्टिंग डायरेक्टर.

धंदा नवा वाटतो, पण त्याचा मूळपुरुष आपलाच, नाशिककडचा. दादासाहेब फाळक्यांनी ‘राजा हरिश्चंद्र’ (१९१३) काढायला घेतला, तेव्हा कॅमेरा विलायतेहून आला, फिल्म विलायतेहून आली. तारामती मात्र विलायतेहून मागवता येईना. जाहिराती दिल्या. त्यांना असे एकेक चेहरे आले की पुढच्या जाहिरातीत कुरूप मंडळींनी तसदी घेऊ नये अशा अर्थाचं छापावं लागलं, असं सांगतात. बायकांचा तर प्रश्नच नव्हता. ज्या वस्तीत सभ्य माणसानं जाऊ नये तिथंही फाळके विचारून आले, तर तिथल्या बायकांनीही सिनेमा म्हटल्यावर नाकं मुरडली. घरी पत्नी सरस्वतीबाईंना विचारून झालं. पण सगळ्या युनिटचा स्वयंपाक, फिल्मची कामं आणि वर महाराणीपण, हे एका बाईला झेपण्यासारखं नव्हतं. शेवटी ग्रँट रोडच्या एका हॉटेलात फाळक्यांना तारामती दिसली. ती तिथं आचारी होती. नाव अण्णा साळुंके.

भारतीय सिनेमातलं हे पहिलं मोठं कास्टिंग, आणि मला विचाराल तर अजून कुणी त्याच्या पुढे गेलेलं नाही. आजचे लोक चेहरा बघतात, रील बघतात, इन्स्टाग्रामवरचे फॉलोअर बघतात. फाळक्यांनी भट्टीसमोर उभ्या असलेल्या घामेजल्या आचाऱ्याकडे बघितलं आणि त्यांना हरिश्चंद्राची राणी दिसली. नाजूक बांधा, निमुळती बोटं. पगार हॉटेलपेक्षा जास्त, महिना १५ रुपये. पुढे मिशांचा प्रश्न आला. स्त्रीपार्टी मंडळी मिशा काढायला तयार होईनात, कारण मिशा उतरवायच्या त्या वडील गेल्यावर. सिनेमासाठी थोरल्यांना जिवंतपणी मारायचं कसं? ‘हरिश्चंद्राची फॅक्टरी’मध्ये परेश मोकाशींनी या प्रकाराची जी गंमत केली आहे, ती बघितलेल्यांना वेगळं सांगायला नको. याच साळुंक्यांनी ‘लंकादहन’मध्ये (१९१७) राम आणि सीता अशा दोन्ही भूमिका केल्या. एका पगारात एकपत्नीव्रत आणि पातिव्रत्य, दोन्ही. आजच्या निर्मात्याला हे सांगू नये, त्याला कल्पना सुचेल.

प्रभातवाल्यांचीही एक गोष्ट आहे. ‘संत तुकाराम’साठी (१९३६) विष्णुपंत पागनिसांचं नाव निघालं तेव्हा कुरकुर झाली म्हणतात, कारण पागनीस रंगभूमीवर स्त्री-भूमिका करणारे, चालण्याबोलण्यात ती लय मुरलेली. हा देहूचा वाणी शोभणार कसा? शोभला तो असा की नंतर तुकारामाच्या तसबिरी पागनिसांच्या चेहऱ्यावरून निघू लागल्या. खऱ्या तुकोबांचा फोटो कुणाजवळ नव्हताच. म्हणजे देवघरात ज्याला आपण हात जोडतो, त्यालाही एकदा कुणीतरी ‘फिट’ म्हटलेलं होतं.

मधली कित्येक वर्षं हिंदी सिनेमाला कास्टिंग डायरेक्टर लागलाच नाही, कारण निवडण्यासारखं काही नव्हतं. आई म्हणजे निरुपा रॉय, गरीब म्हातारा म्हणजे ए. के. हंगल, आणि पोलीस म्हणजे जगदीश राज. या जगदीश राज यांनी १४४ सिनेमांत इन्स्पेक्टर केला, गिनेस बुकात नोंद आहे. इतकी वर्षं खऱ्या पोलिसात असते तर कमिशनर होऊन निवृत्त झाले असते. इथं मात्र बढती नाही, आणि दर वेळी सगळं आटोपल्यावरच पोहोचायचं. असा सेट जमलेला असताना निवड कसली करायची? फोन करायचा आणि वर्दीचं माप घ्यायचं.

बाकीचं कास्टिंग ओळखीपाळखीनं, पार्टीत, नाहीतर कुणाच्या तरी अडचणीमुळे व्हायचं. गब्बरसिंगसाठी डॅनी ठरला होता. तो ‘धर्मात्मा’साठी अफगाणिस्तानात अडकला आणि सलीम-जावेद यांच्या शिफारशीवरून अमजद खान आला. त्याचा आवाज बारीक आहे अशी कुजबुज पुढे सुरू झाली. रमेश सिप्पींनी ती ऐकली आणि बाजूला ठेवली. तेव्हा एक वेळापत्रक जुळलं नाही म्हणून देशाला गब्बर मिळाला. आता अशी गडबड होऊ नये म्हणून कास्टिंगच्या ऑफिसात एक एक्सेल शीट असते आणि ती सांभाळणारी एक मुलगी असते. सगळी इंडस्ट्री त्या मुलीला घाबरून असते.

खरी सुरुवात बाहेरच्यांनी करून दिली. ॲटनबरोंच्या ‘गांधी’साठी (१९८२) इथलं कास्टिंग डॉली ठाकोर यांनी सांभाळलं. कस्तुरबांसाठी स्मिता पाटील, भक्ती बर्वे अशा एकीपेक्षा एक मराठी मुलींची चाचणी झाली आणि रोहिणी हट्टंगडी निवडल्या गेल्या. वय तिशीच्या आसपास, भूमिका म्हातारपणापर्यंतची. त्यांना बाफ्टा मिळालं. त्याच सिनेमातल्या अंत्ययात्रेला ३ लाखांहून जास्त माणसं जमली. त्यांना कुणी निवडलं नव्हतं, त्यामुळे अभिनय अस्सल होता.

मग शेखर कपूरचा ‘बँडिट क्वीन’ आला. त्याचं कास्टिंग तिग्मांशू धुलियानं केलं, आणि चंबळच्या खोऱ्यात पहिल्यांदा असे डाकू दिसले ज्यांना टिळा लावून, शाल पांघरून घोड्यावर बसवलेलं नव्हतं. अठरा वर्षांनी मुकेश छाबडानं ‘गँग्ज ऑफ वासेपूर’चं कास्टिंग केलं, त्यात रामाधीर सिंगच्या भूमिकेत हाच धुलिया. निवडणाऱ्याचीच निवड झाली. हा रोग या धंद्यात पसरलेला आहे. अभिषेक बॅनर्जी कास्टिंगची कंपनी चालवता चालवता ‘स्त्री’तला जना झाला आणि ‘पाताल लोक’मधला हथोडा त्यागी. कारण साधं आहे. ऑडिशनमध्ये समोरच्या नटाला उलट संवाद कुणी द्यायचा? याला ‘क्यू देणं’ म्हणतात. कॅमेऱ्यामागे उभं राहून हा माणूस दिवसभर कधी आई होतो, कधी खुनी, कधी प्रेयसी, कधी रिक्षावाला. एवढ्या तालमीनंतर नाट्यशाळेत जायची गरज राहत नाही.

माझा पुतण्या असाच क्यू देतो. एका कास्टिंगच्या ऑफिसात तो असिस्टंट आहे. घरात त्याच्या नोकरीविषयी बरेच दिवस गोंधळ होता. माझ्या वहिनी शेजाऱ्यांना सांगायच्या, "कास्टिंगला आहे," आणि शेजाऱ्यांना वाटायचं फाउंड्रीत आहे. लोखंडाच्या धंद्यात बरे पैसे असतात म्हणून एक स्थळही आलं होतं.

त्याचं ऑफिस वर्सोव्याला, आराम नगरात. नावावर जाऊ नये, तिथं आराम कुणालाच नाही. यारी रोडजवळच्या या जुन्या बैठ्या घरांत एकाशेजारी एक कास्टिंगवाले बसलेले. बाहेर सकाळपासून मुलं उभी. प्रत्येकाच्या पाठीवर सॅक, सॅकमध्ये तीन शर्ट: एक फॉर्मल, एक कुर्ता, एक मळका. मळका शर्ट इस्त्री करून आणलेला. दारातून एक मुलगा डोकावतो, रांगेवरून नजर फिरवतो आणि बोट दाखवत सुटतो: "नॉट फिट, नॉट फिट, तू थांब, नॉट फिट." गोरखपूरहून दोन दिवस रेल्वेनं आलेल्या माणसाचा निकाल एवढ्या वेळात लागतो. तरी कुणी भांडत नाही. कोपऱ्यावर चहा पिऊन सगळे पुढच्या बंगल्याच्या दारात जाऊन उभे राहतात.

आत गेल्यावर कॅमेऱ्यासमोर आधी स्वतःची ओळख द्यायची असते: नाव, वय, उंची, गाव. मग लेफ्ट प्रोफाइल, राइट प्रोफाइल, मग हात पुढून-मागून. यात वय आणि उंची सोडून बाकी सगळं खरं सांगतात. उंचीत सगळे पुरुष दोन इंच देवानं विसरलेले भरून काढतात. पुतण्यानं म्हणून भिंतीवर पट्टी आखून ठेवली, तर लोक टाचा उचलून उभे राहायला लागले.

पण त्याची खरी परीक्षा या मुलांशी नसते, दिग्दर्शकाशी असते. दिग्दर्शकाच्या डोक्यात एक चेहरा असतो आणि तो नेहमी दुसऱ्या कुठल्या तरी नटाचा असतो. पुतण्याला आलेली एक मागणी अशी होती: "मला पंकज त्रिपाठी हवा, पण नवीन, आणि स्वस्त." पंकज त्रिपाठीही कधीकाळी नवीन आणि स्वस्त होता, २००४ च्या ‘रन’मध्ये एवढासा रोल करून गेला, तेव्हा यांच्यापैकी कुणी फोन उचलला नाही. नवाजुद्दीन ‘सरफरोश’मध्ये पोलिसांचा मार खात होता, तेव्हा सगळे आमिर खानकडे बघत होते. पंधरा वर्षं समोर उभा असलेला माणूस एकदम ‘सापडतो’, आणि मग सगळ्यांना तसाच दुसरा हवा असतो.

त्यातून सध्या ‘रिअल’ चेहऱ्याची लाट आहे. वेबसिरीजला छोट्या गावातले चेहरे लागतात. त्यामुळे उंचापुऱ्या, गोऱ्यागोमट्या, सकाळ-संध्याकाळ जिममध्ये घाम गाळणाऱ्या मुलांवर जी वेळ आली आहे ती बघवत नाही. "तू फार फिल्मी दिसतोस," असं फिल्मवालेच त्यांना सांगतात. पुतण्याच्या ओळखीचा एक देखणा मुलगा जिम सोडून वडापावावर उतरला. पोट सुटलं, गाल लोंबले, केस विरळ झाले. आता तो बिहारमधल्या ब्लॉक ऑफिसरच्या रोलसाठी शॉर्टलिस्ट होतो. त्याच्या आईला मात्र अजून समजावता आलेलं नाही की पोराची प्रगती चालली आहे.

या रिअलपणात मराठी माणसाचा कोटा जुना आणि पक्का आहे. पुरुष असेल तर हवालदार आणि बाई असेल तर कामवाली बाई. नाट्यशाळेचं सुवर्णपदक घेतलेली बाई आराम नगरात येऊन नऊवारी नेसून "साहब, चाय रखूं?" म्हणते. आणि दिग्दर्शक मॉनिटरवर बघून म्हणतो, "थोडा और मराठी करो ना." आणखी मराठी म्हणजे काय करायचं असतं, हे त्या बाईला नाही, मला नाही, आणि तुकोबांनाही सांगता आलं नसतं. मग ती शेवटी "अगं बाई" जोडते आणि सगळे खूश होतात. उलट बाजूला ‘सत्या’मधला भिकू म्हात्रे चंपारणच्या मनोज वाजपेयीनं असा केला की आम्ही आमच्या म्हात्र्यांनाच नीट म्हात्रे नाही असं समजायला लागलो. तक्रार नाही. त्याला निवडणाऱ्याच्या डोळ्याला सलाम आहे. फक्त तोच डोळा मराठी नटाकडे वळला की त्याला पट्टा आणि टोपीच का दिसते, एवढंच विचारायचं आहे.

नागराज मंजुळेंनी हा प्रश्न मुळातच सोडवला. ते आराम नगरात फिरकलेच नाहीत. ‘फँड्री’चा जब्या, सोमनाथ अवघडे, हलगी वाजवणारा पोरगा, सिनेमाचं नाव काढलं की पळ काढायचा म्हणतात. मुंबईत लाखभर पोरं सिनेमासाठी पळत येतात आणि इथं सिनेमावाला एका पोराच्या मागे पळतोय. त्या पोराला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. ‘सैराट’ची आर्ची अकलूजला सापडली, परश्या रेल्वे स्टेशनवर दिसला आणि मूळचा पैलवान निघाला. चैतन्य ताम्हाणेनं ‘कोर्ट’साठी नागपूरहून वीरा साथीदार आणले. आयुष्यभर खरी चळवळ केलेला माणूस कॅमेऱ्यासमोर फक्त उभा राहिला तरी काम झालं. गंमत अशी की ‘सैराट’ चालल्यानंतर सोलापूर जिल्ह्यातल्या स्टेशनांवर जरा बरी दिसणारी पोरं गाडीची वेळ नसतानाही उभी राहू लागली, असं माझ्या तिकडच्या एका मित्राचं म्हणणं आहे. मित्र विनोदी लेख लिहीत नाही, त्यामुळे खरं असावं.

नशिबाची बाजूही असते. ‘लाइफ ऑफ पाय’साठी हजारो मुलांची चाचणी झाली आणि निवडला गेला सूरज शर्मा, जो भावाला सोबत म्हणून आला होता. तेव्हापासून आराम नगरात कुणीच स्वतःच्या ऑडिशनला आलेलं नसतं. ज्याला विचाराल तो म्हणतो, "मी याच्यासोबत आलोय."

मीही पुतण्यासोबत म्हणूनच गेलो होतो. त्याला रेशनिंग ऑफिसर हवा होता, पन्नाशीपुढचा. एकच वाक्य, "उद्या या." तो म्हणाला, "काका, चला ना. तुमचा चेहरा सरकारी आहे." मी खाजगी कंपनीत नोकरी केली आहे आणि आयुष्यात कुणाला उद्या ये म्हटलेलं नाही, पण म्हटलं बघू. आत बाकावर माझ्यासारखेच पुरुष बसलेले. तेच टक्कल, तोच चष्मा, तोच खिशाला पेन लावलेला अर्ध्या बाह्यांचा चौकडीचा शर्ट. जन्मभर आपण कुणीतरी वेगळे आहोत अशी समजूत असते, ती तिथल्या बाकावर पाच मिनिटांत उतरते. आम्ही एकमेकांकडे चोरून बघत होतो आणि प्रत्येकाच्या मनात एकच विचार होता की हा बिचारा फार म्हातारा दिसतो.

माझी पाळी आली. नाव सांगितलं, प्रोफाइल दाखवले, हात दाखवले. पुतण्या कॅमेऱ्यामागून विधवेच्या आवाजात म्हणाला, "साहेब, तीन महिने झाले हो, कार्ड मिळत नाही." आवाज इतका खरा होता की माझ्या तोंडून निघून गेलं, "बसा ना ताई, बघतो मी काय ते." पुतण्यानं कॅमेरा बंद केला. "काका, असा ऑफिसर असता तर पिक्चर पहिल्या सीनलाच संपला असता." मला होल्डवर टाकलं आहे. या धंद्यात होकार आणि नकार दोन्ही दुर्मीळ, होल्ड मात्र मुबलक. माणसं होल्डवर असताना लग्न करतात, त्यांची मुलं शाळेत जायला लागतात.

बाकी पुतण्याचं निम्मं काम फोनवर चालतं. कुणाची भाची डान्स शिकते, कुणाच्या साडूचा मुलगा अगदी वरुण धवनसारखा दिसतो (दिसत नाही). त्याहून वाईट म्हणजे त्याच्या ऑफिसच्या नावानं कुणीतरी भामटे पोरांकडून ‘रजिस्ट्रेशन’चे पैसे उकळतात. रोल देण्यासाठी पैसे मागणारा कास्टिंगवाला नसतो, भामटा असतो, हे तो भेटेल त्याला सांगतो. मुलं मान डोलावतात आणि हळूच विचारतात, "मग सर, तुमच्याकडे किती भरायचे?"

परदेशातही या लोकांना मान उशिराच मिळाला. ‘स्लमडॉग मिलियनेर’चं कास्टिंग करणाऱ्या लवलीन टंडननं झोपडपट्टीतली मुलं इंग्रजीत बोलली तर खोटी वाटतील, त्यांना हिंदीत बोलू द्या, हे डॅनी बॉइलच्या गळी उतरवलं आणि सिनेमाचा बराच भाग हिंदीत झाला. सिनेमाला आठ ऑस्कर मिळाले. पण कास्टिंगसाठी ऑस्करच नव्हतं, मिळणार कुठून? १९२९ पासून ऑस्कर वाटताहेत. आवाज, पोशाख, केशरचना, सगळ्यांचा सन्मान झाला. कास्टिंगचं पारितोषिक थेट ९८व्या सोहळ्यात, २०२६ साली आलं. बाफ्टानं २०२० मध्येच सुरू केलं होतं. मी पुतण्याला ही बातमी कौतुकानं सांगितली. तो म्हणाला, "काका, नंतर. आत्ता मला प्रेत हवंय."

मालिकेत आजोबा वारायचे होते. खुद्द आजोबा करणारे नट मानधनावरून आधीच मालिका सोडून गेलेले, त्यामुळे चेहरा न दाखवता, चादरीखाली पडून राहणारं प्रेत हवं होतं. सोपं वाटतं. पण एकाचं पोट चादरीखाली वरखाली व्हायचं, एकाला पंख्याखाली शिंका आल्या, एकजण खरोखर झोपला आणि घोरायला लागला. एक निवृत्त हौशी नट असा काही निपचित पडला की सगळे थक्क झाले. पण सून रडायला लागल्याबरोबर त्याचा अंगठा थरथरला. पुतण्यानं विचारलं, "आजोबा, अंगठा का हलला?" ते चादरीतून म्हणाले, "तिच्यावर जीव होता माझा. एवढं तरी दाखवायला नको?"

चॅनेलला अंगठा फार आवडला. प्रेत लॉक झालं. फक्त आता डेट्सचा घोळ झाला आहे, कारण त्याच दिवशी त्यांना दुसऱ्या मालिकेत नवरदेवाचे आजोबा म्हणून वरातीत नाचायचं आहे, आणि ते म्हणतात आधी नाच, मग मी मरतो.